खीमबहादुरचा स्थगित अर्ज

खीमबहादुर म्हणजे देवमाणूस, पण देव अक्कल वाटत होता तेव्हाही हा परवानगीची वाट बघत बाहेर उभा असणार. इथे मस्कतच्या गाला भागात एका गॅरेजात गाड्या रंगवतो. दर शुक्रवारी कडक इस्त्रीचा शर्ट घालून अल खौदला आमच्या शिलाईच्या दुकानाशी येतो आणि दारातच थांबतो. "आत ये की बाबा," म्हटलं तर आधी दिलसराकडे बघणार. तिनं मान हलवली की मग आत.

दिलसरा आमच्याकडे इथल्या बायकांचे काळे झगे, अबाया, कापते. नेपाळात यादवी पेटली होती तेव्हा दोघं बंडखोरांच्या एकाच तुकडीत होती. ती कमांडर, हा तिच्या हाताखाली. ती मस्कतला आली आणि तीन महिन्यांत हाही आला. योगायोगानं म्हणे. अख्खं आखात मोकळं होतं की!

आता तिचा व्हिसा संपत आलेला, मंगळवारी ती कायमची गावी निघालेली, आणि हा गप्प. चहा देताना मी विचारलंच, "लग्नाचं कधी विचारलंस का रे तिला?"

"विचारलं होतं, सुगंधादीदी. आमच्यात लग्नाला कमांडरकडे रीतसर अर्ज लागायचा. मी केला. शेरा आला, पुढील आदेशापर्यंत स्थगित."

"मग?"

"पुढचा आदेश आला नाही."

मी कपाळावर हात मारून घेतला. लढाई संपून एकोणीस वर्षं झाली, तिथला राजा गेला, यांची फौजही मोडली, आणि हा आपला आदेशाची वाट बघतोय.

मग मी दिलसराला धरलं. कात्री न थांबवता ती म्हणाली, "बाकीच्यांचे अर्ज मी थांबवले होते, दीदी. स्वतःच्या लग्नावर सही करून त्यांना काय तोंड दाखवलं असतं? लढाई संपल्यावर त्यानं पुन्हा अर्ज करायचा होता. नाही केला. मला वाटलं, त्याचं मन उडालं." मग मात्र कात्री थांबली. तिचे डोळे भरले होते.

मी मापाच्या वहीतलं पान टरकन फाडलं आणि खीमपुढे ठेवलं. "लिही. यल्ला, चल लवकर."

दोन ओळींना त्यानं अर्धा तास घेतला. लग्नाला परवानगी मिळावी, मंगळवारी सोबत येऊ द्यावं. कागद दोन्ही हातांनी तिला दिला आणि ताठ उभा राहिला.

तिनं वाचलं, 'मंजूर' लिहिलं, सही केली. खाली तारीख टाकली ती लढाई संपली त्या दिवसाची. "उशीर माझ्याकडून झाला," ती म्हणाली.

खीम अजून ताठच.

"आता बस," ती म्हणाली. तेव्हा कुठे तो बसला, आणि दुकानात सगळ्यांदेखत रडला.