मालतीवन्सं आणि कोबाल्टचे किरण

फलटणहून भाच्याचा फोन आला तेव्हा मी चहाचं आधण ठेवत होते. "मामी, आई गेली..." एवढंच तो बोलला. मालतीवन्सं म्हणजे माझी थोरली नणंद, फलटणच्या कॉलेजात उभा जन्म फिजिक्स शिकवलेली. दुखणं फुप्फुसात उतरलंय हे माहीत असूनही वाटायचं, ही बाई त्यालाही दोन प्रश्न विचारून गप्प बसवेल.

मला स्तनाचा कर्करोग झाला, सांगलीला पाच आठवडे कोबाल्टच्या मशीनखाली किरण घेतले आणि रहिमतपूरला घरी परतले, तेव्हा माझी मुलगी दीड वर्षाची होती. सासूबाईंनी तिला माझ्याजवळ येऊच दिलं नाही. किरण अंगात मुरतात आणि जवळच्याला बाधतात, असं कुणीतरी त्यांच्या डोक्यात भरवलं होतं. त्यांचाही जीव नातीसाठीच तुटत होता, म्हणून मी भांडले नाही. मधल्या खोलीत पडून दाराआडचं तिचं रडणं ऐकत राहिले. चौथ्या दिवशी वन्सं आल्या. चपला काढायच्या आधीच सगळं त्यांच्या ध्यानात आलं.

"आई, कोबाल्ट म्हंजे लोखंडासारखा साधा धातू," त्या सासूबाईंना समोर बसवून म्हणाल्या. "अणुभट्टीत न्यूट्रॉन त्याच्या अणूच्या पार गाभ्यात शिरून बसतो, तवा कुठं तो स्वतः किरण टाकायला लागतो. त्यालाच कृत्रिम किरणोत्सारिता म्हणतात. शोभाच्या अंगात तसं कायबी शिरलेलं न्हाई. मशीनमधनं किरण आले, गाठीवर पडले, मशीन बंद झालं की संपले."

"खरं सांगतीस न्हवं?"

"मी पोरांना खोटं शिकवते का?" असं म्हणत त्यांनी मुलीला उचललं आणि माझ्या मांडीवर आणून ठेवलं. पोर आधी बिचकली... मग माझ्या गळ्यातली पोत ओढायला लागली. वन्सं तोंड फिरवून खिडकीबाहेर बघत होत्या.

पुढे त्यांनाच थायरॉइडचा कर्करोग निघाला. किरणोत्सारी आयोडीन घ्यावं लागलं. दवाखान्यातनं त्या घरी आल्याचं कळताच मी धावत गेले, तर दारातनंच ओरडल्या, "शोभा, तिथंच थांब! आता खरंच किरण माझ्या आत हायत." हे आयोडीनही अणुभट्टीतच तयार करतात, दर आठ दिवसांनी ते निम्मं उरतं, हे त्यांनी मला अंगणात उभं करून शिकवलं. ज्या बाईनं माझी पोर माझ्या मांडीवर दिली, तिला मी शिवूही शकत नव्हते... माझे डोळे भरले, आणि त्यांना मात्र माझ्याकडं बघून हसू आवरत नव्हतं.

त्या गेल्यावर सासूबाईंचं बोलणं, खाणं सगळंच आटलं. गेल्या आठवड्यात आमच्या आळीतली एक सून माझ्यासारखेच मशीनचे किरण घेऊन आली. घरच्यांनी तिचं ताट वेगळं केल्याचं कानावर आलं. सासूबाई उठल्या, काठी घेतली, मला म्हणाल्या, "चल गं." तिथं जाऊन त्या पोरीच्या शेजारी बसल्या आणि तिच्याच ताटातली भाकरी मोडून खायला लागल्या. घरातले बघतच राहिले.

"माझ्या मालतीनं सांगितलंय, कायबी हुत न्हाई," त्या म्हणाल्या. लेक गेल्यापासून त्या दिवशी पहिल्यांदा त्या पोटभर जेवल्या.