गिस्लेनबाईंचे तीन खून

आर्देनच्या डोंगराळ भागातल्या बेव्हो गावात गिस्लेन कोलिन्योंबाईंच्या मांसाच्या दुकानात शिरलं की आधी ओकच्या धुराचा वास येतो. मग आढ्याला टांगलेल्या डुकराच्या मांड्या दिसतात, आणि डोळे अंधाराला सरावायच्या आत बाईंचा आवाज कानावर आदळतो. आवाज असा की पलीकडच्या टेकडीवरच्या गाईसुद्धा चरायच्या थांबतात. नवरा फिर्मां गेल्यापासून दुकान त्या एकट्या चालवतात. फिर्मां हृदयविकाराने गेला, खुद्द डॉक्टरांच्या डोळ्यांदेखत गेला, आणि जाताना त्याच्या हातात बिअरचा पेला होता. एवढं सगळं ठाऊक असूनही गेली कित्येक वर्षं गाव म्हणतं, की त्याला बाईंनीच मारला.

याला कारण एक मास्तर. हा ब्रसेल्सहून आला आणि दोन उन्हाळे गावात भाड्याचं घर घेऊन राहिला. शांतता हवी म्हणून आला होता, म्हणून पहिल्याच आठवड्यात चर्चच्या घंटेची तक्रार केली. बाईंच्या दुकानातून हॅमच्या चकत्या घ्यायचा आणि जाड झाल्या म्हणून नाक मुरडायचा. एकदा बाईंनी त्याला सांगितलं, इतक्या पातळ हव्या असतील तर नुसता वास घे आणि जा. मास्तराने ते फारच मनावर घेतलं. घरी जाऊन त्याने कादंबरी लिहिली. तीत आर्देनच्या जंगलातल्या एका गावात एक मांसवाली विधवा तीन पुरुषांचा खून करते. आधी नवऱ्याचा, मग पोस्टमनचा, आणि शेवटी शहरातून आलेल्या एका देखण्या, संवेदनशील मास्तराचा. हे शेवटचं वर्णन वाचून गावाला पटलं, की माणसाची कल्पनाशक्ती खरोखरच अफाट आहे.

गिस्लेनबाई म्हणायच्या, असल्या पुस्तकाला मी हात लावणार नाही. पोस्टमनचं प्रेत मांसाला धुरी द्यायच्या खोलीत उभं टांगलंय असं जिथे लिहिलंय, तिथे त्या मूर्खाला छताची उंचीही कळलेली नाही, असंही म्हणायच्या. न वाचलेल्या पुस्तकाची इतकी बारीक माहिती गावात दुसऱ्या कुणाला नव्हती. गिऱ्हाइकं काउंटरवर वाकून पातेकडे, म्हणजे वाटलेल्या मांसाच्या वडीकडे, बोट दाखवत विचारायची, बाई, आज पातेमध्ये कोण आहे? बाई सुरीला धार लावता लावता सांगायच्या, काल फार प्रश्न विचारणारा.

पण बाईंचं खरं वैभव दिसायचं ते कावळ्यांच्या रविवारी. ईस्टरआधीच्या उपासाच्या मध्यावर जो रविवार येतो, त्या दिवशी बेव्होत कावळे निघतात, म्हणजे कावळ्याचं सोंग घेतलेली गावातलीच माणसं. काळे झगे, लाकडी चोची, हातात खळीची बादली. गाव उठायच्या आत ते काचाकाचांवर कागद चिकटवून जातात. वर्षभरात ज्याच्याबद्दल गावाने चवीने बोलावं असं काही झालं असेल, त्याचा दोन ओळींत उद्धार. मग ज्याचा कागद, त्याने रस्त्यावर यायचं, कमरेवर हात ठेवायचे आणि कावळ्यांना मनसोक्त शिव्या घालायच्या. त्यात हसायचं नाही. हसला तो परका. कागद ईस्टरपर्यंत फाडायचा नाही, हाही नेम. आणि ज्याच्या काचेवर काहीच नाही, त्याची गत वाईट. गावाने वर्षभरात त्याची आठवणसुद्धा काढली नाही असा त्याचा अर्थ. जुना पाववाला तीन वर्षं कोऱ्या काचेकडे बघत राहिला आणि शेवटी दुकान विकून लिएजला लेकीकडे राहायला गेला.

कादंबरी आल्यापासून बाईंच्या काचेवर दरवर्षी कागद. एका वर्षी असा होता:

फिर्मां झाला, पोस्टमन झाला, मास्तराचेही वर झाले पाय,
कोलिन्योंबाई, सांगून ठेवा, पुढचा नंबर कुणाचा हाय?

त्या दिवशी बाईंनी कावळ्यांच्या पणजोबांपासून सुरुवात केली होती. दुपारी त्यांचा दीर आर्मां कॉफी प्यायला आला आणि भोळ्या चेहऱ्याने म्हणाला, "वहिनी, सकाळी ओरडत कुणावर होतात?" आर्मां तरुणपणापासून कावळा आहे. हे गावात सगळ्यांना माहीत आहे आणि कुणीही बोलत नाही. बाईंनी त्याच्या बाहीवरची खळ बघितली आणि त्याला साखरेच्या टार्टचा दुसरा तुकडा वाढला.

आणि मग त्या कादंबरीवर टीव्हीची मालिका निघाली.

टीव्हीवाले मार्चमध्ये आले. बेव्होत बाराही महिने पाऊस असतो, पण ते आले त्याच आठवड्यात लख्ख ऊन पडलं. गावकऱ्यांनी खुर्च्या बाहेर काढल्या. दिग्दर्शक मात्र आभाळाकडे बघून रडकुंडीला आला, कारण त्याच्या डोक्यात सगळा खून ओला होता. शेवटी अग्निशमन दलाचा बंब बोलावला आणि आर्देनमध्ये, जिथे पावसाला कंटाळून माणसं स्पेनला जातात, तिथे भाड्याने पाऊस पाडला. त्या पावसात एक पोलीसबाई ओला कोट घालून जंगलाकडे बघत उभी राहायची. हे तिचं तपासकाम. सकाळी उजवीकडून बघायची, दुपारी डावीकडून. तिचं बालपण दुःखात गेलेलं असल्यामुळे तिला कुणाशी मोठ्याने बोलता येत नसे. मालिकेतली बाकीची माणसंही तशीच कुजबुजत. गिस्लेनबाईंनी दारातून पाहून विचारलं, गावातल्या सगळ्यांचा घसा एकदम कसा बसला, आधी त्याचा तपास करा की.

मांसवालीचं काम करायला पॅरिसहून एक नटी आणली होती. ती बोरूसारखी बारीक होती आणि सुरी पेनासारखी धरायची. बाईंनी तिच्या हातात सुरी नीट बसवून दिली, तिला सॉसेज खायला घातलं आणि मागून म्हणाल्या, ही पोर तीन माणसं मारते म्हणे, हिला आधी तीन वेळा जेवायला घाला.

शूटिंगच्या मधेच कावळ्यांचा रविवार आला. कावळ्यांनी त्या वर्षी जीव ओतला होता. बाईंच्या काचेवर मोठा थोरला कागद, त्यावर सुरीचं चित्र, आणि खाली लिहिलं होतं, की खरी खुनी इथे राहते, टीव्हीवाल्यांनी नकलेवर समाधान मानू नये. बाई बाहेर आल्या. समोर सगळं गाव आणि वर शहरचे पाहुणे, म्हटल्यावर बाईंना स्फुरण चढलं. त्यांनी कावळ्यांना नदीत बुडवलं, धुरीत टांगलं, त्यांच्या आयांची विचारपूस केली, आणि शेवटी, जसं कागद लागलेला गावातला प्रत्येकजण दरवर्षी म्हणतो तसं, गरजल्या, "एकेकाला कोर्टात खेचते! माझं नाव खराब करता!"

गाव खूश झालं. पण टीव्हीवाल्यांच्या घोळक्यात इनेस नावाची एक मुलगी उभी होती. मालिकेच्या कायद्याच्या भानगडी बघणं हे तिचं काम. ती पॅरिसची असल्यामुळे बिचारीला माणसाने ओरडावं कधी आणि का, याचं शिक्षण मिळालं नव्हतं. ती डोळ्यांत पाणी आणून पुढे आली, बाईंचा हात धरला आणि तुम्ही किती सोसलंय हे आम्हाला समजतं, असं काहीतरी म्हणाली. ऐन रंगात आलेल्या बाईंना मधेच असं थांबवलेलं मुळीच आवडलं नाही. त्यांनी तिलाही कोर्टात खेचायचं कबूल केलं. इनेसचा चेहरा पांढरा पडला. आर्मां चोचीच्या आत इतका हसला, की त्याला खोकल्याची उबळ आली.

मालिका हिवाळ्यात दर रविवारी संध्याकाळी लागली. गावाने ती सभागृहात मोठ्या पडद्यावर एकत्र बघायची ठरवली. गिस्लेनबाई म्हणाल्या, मला त्या भिकार प्रकारात रस नाही, मी फक्त सभागृहाचं हीटर चालतं का बघायला येते. हीटर बघायला येताना त्या केस बसवून, फिर्मांने दिलेली मोत्यांची माळ घालून आल्या आणि पहिल्या रांगेत मधोमध बसल्या.

आठवड्यांमागून आठवडे काही घडलं नाही. वरून जंगल दिसायचं, मग खालून जंगल दिसायचं. पोलीसबाई गाडीत बसून रडायची. प्रेत सापडलं की सगळे निळ्या उजेडात एकमेकांकडे बघायचे आणि भाग संपायचा. लोक बिअर पीत, चीजचे तुकडे तोंडात टाकत आणि ओळखीची घरं दिसली की माना डोलवत. सगळे एकाच गोष्टीची वाट बघत होते: शेवटच्या भागात पोलीसबाई मांसवालीच्या दुकानात शिरेल आणि गिस्लेनबाईंना बेड्या पडतील. गावाने त्यासाठी जुनिपरच्या दारूच्या बाटल्या थंड करून ठेवल्या होत्या.

शेवटच्या भागात पोलीसबाई दुकानात शिरली खरी. पण मांसवालीने तिला गरम सूप दिलं, तिच्या खांद्यावर डोकं ठेवून रडली आणि म्हणाली, मी कुणाचं काही वाईट केलं नाही. आणि खरंच केलं नव्हतं. तिन्ही खून औषधाच्या दुकानातल्या बाईने केले होते, खोकल्याच्या औषधातून.

बाटल्या तशाच राहिल्या. गिस्लेनबाई उठल्या, माळ सरळ केली, हीटर ठीक चालतंय असं म्हणाल्या आणि घरी गेल्या.

दुसऱ्या दिवशी इनेसचा फोन आला. ती आनंदात होती. बाईंना झालेला त्रास लक्षात घेऊन आम्ही शेवट बदलला, आता तुमच्याकडे कुणी बोट दाखवणार नाही, असं तिने कळवलं. बाईंनी फोन खाली ठेवला आणि आर्मांकडे बघितलं.

"निर्दोष," त्या म्हणाल्या. "सगळ्या देशासमोर. सूप वाढत होते मी."

आर्मां कॉफीत साखर ढवळत राहिला. शेवटी हळूच म्हणाला, "वहिनी, कोर्टाचं जरा जास्तच ताकदीने बोललात त्या दिवशी."

"मग काय कुजबुजू? मी काय त्यांच्या मालिकेत आहे?"

त्या दिवसापासून दुकानात लोक नुसतं हॅम मागायला लागले. हॅम मागायचे, हॅम घ्यायचे, उत्तम हवा आहे म्हणायचे आणि जायचे. पातेमध्ये कोण आहे, हे कुणी विचारलं नाही. सगळी गर्दी समोरच्या औषधाच्या दुकानात. तिथल्या सोलांजबाई नामूरहून येऊन गावात वीस-बावीस वर्षं राहिलेल्या, म्हणजे अजून नव्याच. सौम्य, नीटनेटक्या, सगळ्यांना धन्यवाद म्हणणाऱ्या. त्यांच्या काचेवर आजवर एकदाही कागद लागला नव्हता. आता लोक जाऊन विचारायचे, बाई, खोकल्याचं औषध द्या, पण साधंवालं. सोलांजबाई कानापर्यंत लाल व्हायच्या. हे सगळं गिस्लेनबाईंना आपल्या काउंटरवरून दिसायचं. बघून त्या म्हणायच्या, औषधातून खून! हे काय खुनाचं काम आहे? हे तर आजारपण.

कावळ्यांचा रविवार जवळ आला तसा त्यांचा आवाज उतरत गेला. टेकडीवरच्या गाई निवांत चरू लागल्या. आर्मांने एकदा विचारलं, तब्येत बरी नाही का. बाई म्हणाल्या, निर्दोष माणसाला काय होणार.

त्या रविवारी बाईंनी उगीचच पांढरा दुकानी कोट चढवला, खिडकीचं फळकूट वर केलं आणि काच बघितली. काच स्वच्छ होती. आतून त्यांनीच आदल्या दिवशी पुसली होती.

समोर सोलांजबाईंच्या काचेवर दारापासून कोपऱ्यापर्यंत कागद. गाव जमलं होतं, कावळे बादल्या घेऊन बाजूला उभे होते. सोलांजबाई बाहेर आल्या, कागद वाचला, डोळे भरून आले, आणि त्या हसल्या. मग सगळ्यांना म्हणाल्या, मनापासून आभार. मग मोबाइल काढून कागदाचा फोटो घेतला.

गावाने माना खाली घातल्या. एक कावळा चोच खाजवू लागला. इतकी वर्षं थांबून मिळालेली गोष्ट ही बाई आपल्या हाताने मातीत घालत होती, आणि तिला ते कळतही नव्हतं.

गिस्लेनबाईंनी क्षणभर आपल्या कोऱ्या काचेकडे बघितलं. मग त्या रस्ता ओलांडून गेल्या.

"आभार काय मानता?" त्या म्हणाल्या. "तीन माणसं मारलीत तुम्ही. तो फोन आत ठेवा. हात कमरेवर."

सोलांजबाईंनी घाबरून हात कमरेवर ठेवले.

"आता म्हणा, कोण तो चोच्या."

"कोण तो चोच्या," सोलांजबाई म्हणाल्या, जणू डॉक्टरची चिठ्ठी वाचत होत्या.

बाईंनी कपाळाला हात लावला आणि स्वतःच सुरुवात केली. त्यांनी टीव्हीवाल्यांना घेतलं, भाड्याच्या पावसाला घेतलं, जंगलाकडे बघत बसणाऱ्या त्या ओल्या कोटाला घेतलं, मास्तराला त्याच्या पातळ चकत्यांसकट घेतलं. मग कावळे. टेकडीवरच्या गाई चरायच्या थांबल्या. बाईंच्या मागोमाग सोलांजबाई एकेक शिवी उचलू लागल्या, आधी चाचरत, मग जरा मोकळेपणाने, आणि शेवटी एका कावळ्याच्या आजीबद्दल त्या असं काही बोलल्या, की खुद्द गिस्लेनबाईंनी वळून बघितलं. गावाने टाळ्या वाजवल्या. पायात गिस्लेनबाईंनी दिरासाठी विणलेले निळे मोजे घातलेला एक कावळा पुढे आला, त्याने बाईंच्या पाठीवर शाबासकीची थाप मारली, जरा जोरातच, आणि गर्दीत मिसळला.

बाई घरी आल्या. कोट काढून खुंटीला अडकवायला गेल्या तर हाताला ओलं लागलं. कोट फिरवून बघितला. पाठीवर कागद चिकटलेला होता, खळ अजून वाळायची होती.

तीनही खून टीव्हीने नेले, हात झाले रिकामे,
म्हातारीने शाळा काढली, शिकवते खुनाची कामे.

बाईंनी ते दोनदा वाचलं. मग खिडकीशी गेल्या, ती सताड उघडली, श्वास भरून घेतला आणि सगळ्या रस्त्याला विचारलं, "म्हातारी कोण रे?"

कागद ईस्टरपर्यंत काढायचा नसतो. त्यामुळे बाईंनी दुसरा कोट वापरायला काढला, आणि तो कोट दुकानाच्या काचेत, हॅमच्या शेजारी, पाठ रस्त्याकडे करून ईस्टरपर्यंत टांगून ठेवला. लोक येऊन वाचत, आत येत, आणि काउंटरवर वाकून विचारत, बाई, आज पातेमध्ये कोण आहे?

"माझा शिष्यवर्ग," बाई सांगायच्या. "नापास झालेला."