शामरावसर आणि पाणी न पिणाऱ्या मुली

नव्वदच्या दशकाच्या अखेरीस, अभियांत्रिकीच्या दुसऱ्या वर्षाला असताना, मी शामरावसरांना पहिल्यांदा भेटले. कोल्हापुरातल्या एका शाळेत ते खेळाचे शिक्षक होते आणि पहाटे रंकाळ्यावर आम्हाला लांब पल्ल्याचं पळणं शिकवत. माझं पळणं थोडा वेळ पाहून ते म्हणाले, "टाच आपटतीस. गुडघं जातील की." कौतुक त्यांनी तेव्हा केलं नाही आणि पुढेही फारसं केलं नाही. परीक्षेच्या महिन्यात कुणी सरावाला आलं तर ते परत पाठवत. डोंगरात ते सर्वांच्या मागे पळत. मागे राहिलेलं माणूस नजरेआड होऊ नये, एवढंच त्यांचं कारण असे.

सरांच्या साठीनिमित्त निघणाऱ्या या गौरवग्रंथासाठी लेख मागितला गेला तेव्हा मी सरांची परवानगी घ्यायला गेले. ते म्हणाले, "रेहानाचं लिहिणार असशील तर लिही."

रेहाना गडहिंग्लजची, वसतिगृहात माझ्या खोलीत राहणारी. पन्हाळ्याहून विशाळगडापर्यंत जंगलवाटेने होणाऱ्या शर्यतीत आम्ही दोघी उतरलो होतो. अशा शर्यतींत आम्ही मुली पाणी जवळजवळ पीत नसू. पुढे-मागे पुरुष धावत असत आणि वाटेत लघवीला जायला आडोसा कुठेच नसे. हे आम्ही सरांना कधी सांगितलं नव्हतं. त्या दिवशी ऊन कडक होतं. मधल्या पाण्याच्या ठिकाणी सर स्वतः उभे होते.

"पाणी प्यालीस का गं?"

"प्यालो की सर," रेहाना म्हणाली. ती प्याली नव्हती.

पुढच्या चढावर ती बसली, ती उठलीच नाही. मागून आलेल्या सरांनी तिला पाठीवर घेऊन रस्त्यापर्यंत आणलं. रुग्णालयात तिची लघवी कोऱ्या चहासारखी झाली होती. उन्हात, पाण्याविना पळून स्नायू तुटले होते आणि त्याचा भार मूत्रपिंडांवर आला होता. ती वाचली, पण मूत्रपिंडं पूर्ववत झाली नाहीत.

शर्यत भरवणाऱ्या आमच्या क्लबच्या बैठकीत एकजण म्हणाला, "पोरगी खोटं बोलली. तुमी काय करणार, सर?"

"तिला खोटं बोलावं लागलं," सर म्हणाले. "इतकी वर्षं पोरी पळवतोय. पोरींनी जायाचं कुठं, ह्ये मी एकदाबी इचारलं न्हाय. चूक माझी हाय."

पुढच्या वर्षीपासून प्रत्येक पाण्याच्या ठिकाणी कनातीचा आडोसा आणि गावातली एक बाई असे. एका जुन्या धावपटूने टोमणा मारला, "सर, शर्यत हाय का हळदीकुंकू?"

"हळदीकुंकूच समज. पाणी वाटायला तू ये."

तो आला.

रेहाना पुन्हा पळाली नाही. तिच्या वडिलांनी सरांना दोष दिला नाही आणि माफही केलं नाही. तपासणीसाठी ती एसटीने कोल्हापूरला येते. सर स्टँडवर थांबतात, दवाखान्यात तिच्या शेजारी बसतात, परतीच्या गाडीत बसवून देतात. दोघांत बोलणं थोडंच होतं. गेल्या खेपेचा अहवाल आधीच्यापेक्षा वाईट आहे. सरांनी तो मला वाचायला दिला, आणि मी त्यांना तो वाचून दाखवला.

सर आता साठ वर्षांचे झाले. त्यांना निरोगी, दीर्घ आयुष्य लाभो, ही इच्छा मी मनापासून व्यक्त करते. मात्र या पानावर ते एकट्या सरांसाठी मागणं त्यांनाच पटणार नाही. म्हणून रेहानालाही तेवढंच आयुष्य लाभो.