सहा जणींचे पिन

जुलेखाला सहा बायकांचे पिन तोंडपाठ होते आणि त्या कामाचा तिला मनापासून वीट आला होता.

उचगावच्या पुढं जी फौंड्री आहे, तिथं ती ओतकामासाठी वाळूचे साचे भरते. पगार रोखीनं मिळायचा तोवर बरं चाललं होतं. मग मालकानं तो बँकेत टाकायला सुरुवात केली, प्रत्येकीच्या हातात एटीएम कार्ड आलं आणि सगळ्यांत शिकलेली कोण, तर सातवी पास जुलेखा. झालं, सगळ्यांची कार्डं कायमची हिच्या पिशवीत आणि दर महिन्याच्या दहा तारखेला पैसे काढायचं काम हिच्याकडं. बँकेतला साहेब कानीकपाळी ओरडायचा, पिन कुणाला सांगू नका. बायका म्हणायच्या, "कुणाला कुठं सांगतोय? जुलेखालाच सांगतोय की."

आज दहा तारीख. साडेतीनला पाळी सुटली तेव्हा तिची कंबर नुसती ठणकत होती. त्यात लेकीचा, नाजियाचा, सकाळपासून फोनवर फोन. नर्सिंगच्या परीक्षेची फी भरायला आज पाचपर्यंतच मुदत, कॉलेजात रोखच घेतात. नाही भरली तर पोरीचं वर्ष गेलं.

एटीएमवर सहाही कार्डं बिनबोभाट चालली. शेवटी तिनं आपलं कार्ड घातलं, नंबर दाबला. चूक. पुन्हा दाबला. चूक. मागचा माणूस म्हणाला, "ओ भाभी, आटपा की." तिसऱ्यांदा घाईनं दाबला आणि कार्ड बंद झाल्याचं पडद्यावर आलं. तेव्हा कुठं तिच्या ध्यानात आलं, तिन्ही वेळा तिनं त्या सहा जणींतल्या अंबूमावशीचा नंबर दाबला होता. स्वतःचा काही केल्या आठवेना. दुसऱ्यांचं डोक्यात वागवता वागवता आपलंच कुठं सांडलं कुणास ठाऊक.

तिनं कार्डावरच्या नंबराला फोन लावला. बराच वेळ गाणं ऐकल्यावर एक पोरगी गोड आवाजात म्हणाली, "उद्या आपोआप सुरू होईल, मॅडम."

"उद्या घेऊन काय करू?" जुलेखा म्हणाली, पण तोवर तिकडनं फोन ठेवलेला. शेजारच्या बँकेत गेली तर पैसे देणारी खिडकी चारलाच बंद झालेली आणि घड्याळात चार वाजून दहा मिनिटं.

पिशवीत सहा जणींचा पगार होता. त्यातनं घ्यावं असं मनात आलं नाही, असं नाही. पण न विचारता हात लावणाऱ्यातली ती नव्हती आणि विचारायला अंगात त्राण उरलं नव्हतं. पाय ओढत ती फौंड्रीच्या फाटकाशी आली. बायका झाडाखाली वाट बघत बसल्या होत्या. तिनं जिचे तिला पैसे दिले आणि झाला तो घोळ सांगितला, फीचंही सांगितलं.

सगळ्या आपापल्या नोटा मोजायला लागल्या. मग नवीन लागलेली क्रांती म्हणाली, "भाभी, माझं कार्ड द्या. म्होरल्या म्हैन्यापासनं दीर काढील माझं." तिच्यामागनं दुसरीनं हात पुढं केला, मग तिसरीनं. ज्या कामाच्या नावानं ती दर महिन्याला बोटं मोडायची ते असं सुटल्यावर तिला सुटल्यासारखं वाटायला हवं होतं. पण तिला फार वाईट वाटलं. इतक्या वर्षांत एक रुपया इकडचा तिकडं झाला नव्हता.

म्हातारी अंबूमावशी तेवढी नोटा न मोजता बसली होती.

"माझाच नंबर दाबलास न्हवं?"

"व्हय मावशी. चुकलं माझं."

"फी किती हाय?"

"तीन हजार."

अंबूमावशीनं तीन हजार काढून तिच्या हातात कोंबले. "पळ आता, वडापची जीप मिळंल." जुलेखानं मावशीचं कार्ड परत द्यायला पिशवीत हात घातला, तशी म्हातारी खेकसली, "ते ऱ्हाऊ दे तुझ्याकडंच. मला कुठं नंबर म्हाईत हाय? मी तो कवाच इसरलोय."