गोजरबाईच्या घराचा फोटो

रुपाली डोणगावच्या एका संस्थेत अकरा वर्षं काम करते. काम म्हणजे, गरीब माणूस गरीब आहे हे कागदावर सिद्ध करून देणं. यात साहेबांचा त्रास कमी आणि गरिबांचाच जास्त, असं तिचं मत झालं आहे.

घरकुलाच्या यादीसाठी फोटो पाठवायची ती शेवटची तारीख होती. गोजरबाईचं घर तेवढं राहिलं होतं: वर गंजलेले टिनाचे पत्रे, भिंतींच्या जागी चारी बाजूंनी तुराट्यांचा सारवलेला कूड. रुपालीनं तिला आदल्या दिवशी कळवून ठेवलं होतं. चूक तिथंच झाली.

सकाळी ती घरात शिरली तर समोर फ्रिज. शेजारी तीन खुर्च्या. गोजरबाई नव्या लुगड्यात.

"मावशी, हे काय?"

"सत्यभामाबाईचं हाय. फोटोपुरतं आनलं."

घरात वीज नव्हती. फ्रिजमध्ये गोजरबाईनं पीठ ठेवलं होतं, उंदरांच्या भीतीनं.

"अवं, फ्रिज पाहून साहेब घर देईन का? फोटोत गरिबी दिसाले पायजे."

"काऊन? मी गरीब हाय हे साऱ्या गावाले माहीत हाय. आता तालुक्यालेबी दाखवू?"

रुपालीनं समजावलं, रागावून पाहिलं, शेवटी हात जोडले. गोजरबाई फ्रिजला पाठ लावून उभीच.

तेवढ्यात शेजारची सत्यभामाबाई तणतणत आली. "गोजर व, फ्रिज दे माहा! दूध नासून राह्यलं!"

चार माणसं आली. फ्रिज दारातून निघेना, कारण तो दारातून आलाच नव्हता. मागचा कूड सोडून आत घेतला होता. पुन्हा कूड सोडला. फ्रिज गेला आणि घरातून थेट मागच्या नारायणरावांची म्हैस दिसू लागली.

रुपालीनं झटकन फोटो काढला.

"खोड तो!" गोजरबाई ओरडली.

"मावशी, तुले घर पायजे का शोभा?"

गोजरबाईनं जरा विचार केला. "दोन्ही."

तिनं म्हैस झाकेल अशी खुर्ची ठेवली, पदर सारखा केला आणि ताठ बसली. "हां, आता काढ."

फोटो निघाला. मोबाइलवर 'घराची स्थिती' असा रकाना आला.

"चांगली लिव," गोजरबाईनं बजावलं.

रुपालीनं 'कच्चे' लिहून पाठवून दिलं.

"काय लिवलं?"

"दिसलं ते."

"मंग चांगलंच असन," गोजरबाई म्हणाली, आणि कूड पुन्हा बांधायला त्या चौघांना हाका मारू लागली.