तारखेच्या दिवसाचा नारळ

मंडळी, आपल्या या ई-मेलच्या कट्ट्यावर मी घरचं काही लिहीत नाही, पण आज दुपारचं सांगितल्याशिवाय राहवत नाही.

माझ्या अण्णाची आणि वहिनीची मुलीच्या ताब्यावरून फॅमिली कोर्टात केस चालू आहे. सहा वर्षांची मीनू वहिनीबरोबर शहराच्या दुसऱ्या टोकाला, येलहंकाला असते. अण्णाला ती फक्त तारखेच्या दिवशी भेटते.

आज पुकारा व्हायच्या आधी मी तिला कोर्टाजवळच्या गणपतीला नेलं. इथल्या रीतीप्रमाणे देवळासमोर नारळ आपटून फोडला आणि मागितलं, एकदाचा निकाल लागू दे. मीनूनेही डोळे घट्ट मिटले होते.

परत येतो तर जज्ज रजेवर. पुढची तारीख थेट दिवाळीनंतरची मिळाली. अण्णा आणि वहिनी एकाच बाकाच्या दोन टोकांना बसून राहिले. मधे बसलेली मीनू पाय हलवत खोबरं खात होती.

“अत्ते, गणपतीनं माझं ऐकलं,” ती हळूच म्हणाली.

“काय मागितलंस?”

“जज्ज येऊ नयेत म्हणून. केस संपली की अप्पा आणि आई एका बाकावर कुठे बसतील?”

दिवाळीनंतरचा नारळही मलाच फोडायचा आहे. काय मागू, तुम्हीच सांगा.