डोळ्यांची आखणी

आमच्या सांगलीच्या कारखान्यात गणपतीचं सगळं रंगकाम मी करायची. सोंड, पितांबर, दागिने, अगदी उंदराच्या मिशासुद्धा. डोळे मात्र आबांचे. माझे वडील म्हणजे हट्टाचं गाठोडं! दोन वर्षं हात थरथरतोय, तरी "डोळं मीच आखणार" हा हेका. यंदा चतुर्थी आठवड्यावर आली आणि शेड बिनडोळ्यांच्या गणपतींनी भरलेली. गिऱ्हाइकं फोन करून कंटाळली. मी बारीक ब्रश उचलला की आबा ओरडायचे, "ठेव खाली!" अस्सा राग यायचा, सांगते.

अशात रविवारी सकाळी कॉलेजात जुना मूकपट दाखवणार होते. चित्रकाराची गोष्ट आहे असं कळलं, म्हणून आबांना घेऊन गेले. तेवढीच घरात शांतता.

पडद्यावरचा चित्रकार देवीचं चित्र काढत होता. डोळे माझ्याच हातून होणार, अशी त्याची शपथ. खाणंपिणं सोडलं, वेडापिसा झाला. शेवटी डोळे काढले, तर देवी त्याची पाठच सोडेना. जाईल तिकडे ती त्याच्याकडे बघतेय! पोरं श्वास रोखून बसली. माझ्याही अंगावर काटा आला. तेवढ्यात आबा खणखणीत आवाजात म्हणाले, "आवं, भ्येताय काय? डावं बुबुळ वर चढलंय तिचं! हात कापला आसंल त्येचा!"

हॉलभर हशा पिकला. मी मेल्याहून मेल्यासारखी, पण हसू काही आवरेना.

परतताना रिक्षा केली. हळदीच्या बाजारापाशी आल्यावर आबा म्हणाले, "त्या येड्याच्या घरात दुसरं कुणीच नव्हतं व्हय?"

"व्हती की. पोरगी. मागं कोपऱ्यात बसून रंग कालवत व्हती."

खरंच होती. मी तर सगळा वेळ तिलाच बघत होते.

"मला न्हाई दिसली."

"त्यालाबी न्हाई दिसली, आबा."

घरी आल्यावर त्यांनी बारीक ब्रश धुतला, धोतराला पुसला आणि माझ्यापुढं धरला. "आधी डावा. दम धरून."

इतकी वर्षं भांडले मी त्या ब्रशसाठी, आणि आता माझाच हात लटपटायला लागला. डोळे भरून आले ते वेगळंच.

"कापू दे गं. मी हाय की हितं."

आखणी झाली. आबा गणपतीसमोर बसले. डावीकडं सरकले, मग उजवीकडं. "लय ग्वाड बघतोय," म्हणाले, आणि दुसरा गणपती माझ्यापुढं सरकवला.